तू रोममध्ये आहेस, म्हणून तू बिशप आहेस: मध्ययुगातलं तर्कशास्त्र

आजच्या भागाची सुरुवात माझ्या एका फजितीपासून करते.

नोकरीचं पहिलं वर्ष होतं. आमच्या ॲपमध्ये एक साधा नियम टाकायचा होता. पैसे भरणं आणि पत्ता तपासणं, या दोन्ही गोष्टी झाल्या नसतील तर ऑर्डर पुढे जाऊ द्यायची नाही. ऐकायला सोपं आहे ना? मी कोडमध्ये लिहिलं: पैसे भरले नसतील आणि पत्ता तपासला नसेल, तर थांबव. शुक्रवारी संध्याकाळी कोड लाइव्ह गेला. शनिवारी सकाळी फोन सुरू झाले. पैसे भरलेल्या, पण पत्त्याचाच पत्ता नसलेल्या ऑर्डरी धडाधड पुढे निघाल्या होत्या.

टीममधल्या सिनिअर ताईने कोड बघितला आणि एवढंच म्हणाली, "अगं, डी मॉर्गन विसरलीस?"

इंजिनिअरिंगच्या पहिल्या वर्षाला शिकलेला नियम. "अ आणि ब, दोन्ही खरं" हे खोटं ठरायला त्यातलं एक खोटं असलं तरी पुरतं. म्हणून "नाही" आत नेताना "आणि"चं "किंवा" करायचं. मी "आणि" तसंच ठेवलं होतं. गंमत म्हणजे मूळ मराठी वाक्यातच घोळ होता. "दोन्ही झाल्या नसतील" म्हणजे एकही झाली नाही, की दोन्ही मिळून झाल्या नाहीत? ऐकणाऱ्याला जे वाटेल ते.

ऑगस्टस डी मॉर्गन हा इंग्रज गणिती. जन्म मात्र आपल्याकडचा, १८०६ साली मदुराईत. तर्कशास्त्रावरचं त्याचं पुस्तक १८४७चं. त्या शनिवारी रात्री, बग सुटल्यावर, मी त्याच्याबद्दल वाचत बसले आणि एका ओळीवर अडकले. हाच नियम, चिन्हांशिवाय, नुसत्या लॅटिन वाक्यांत, विल्यम ऑफ ऑकम नावाच्या एका फ्रान्सिस्कन साधूने लिहून ठेवला होता. साल साधारण १३२३. म्हणजे सव्वापाचशे वर्षं आधी!

शाळेत आपण काय शिकलो? युरोपचं मध्ययुग म्हणजे अंधारयुग. चर्च सांगेल ते खरं, प्रश्न विचारायचे नाहीत. मग ज्या माणसाला प्रश्नच विचारायचे नाहीत, त्याला "आणि" आणि "किंवा" यांचे नियम कशाला लागतात? आजचा भाग या प्रश्नावर आहे.

तुरुंगातला अनुवादक

गोष्ट सुरू होते रोमन साम्राज्य कोसळल्यानंतर. इटलीवर गॉथ राजा थिओडोरिकची सत्ता होती आणि त्याच्या दरबारात बोएथियस नावाचा एक विद्वान मोठ्या हुद्द्यावर होता. पश्चिम युरोपात ग्रीक वाचता येणारी माणसं कमी होत चालली होती. बोएथियसने ठरवलं, प्लेटो आणि ॲरिस्टॉटल हे दोघे आख्खे लॅटिनमध्ये आणायचे. प्रोजेक्ट प्रचंड होता. तो तर्कशास्त्रापासून सुरुवात करून बसला, आणि मध्येच राजद्रोहाचा आरोप आला. तुरुंग, आणि मग साधारण ५२४ साली मृत्युदंड.

प्रोजेक्ट अर्धाच राहिला. पण त्या अर्ध्या कामाचा परिणाम बघा. पुढची सहाशे वर्षं पश्चिम युरोपकडे ॲरिस्टॉटल म्हणून जे काही होतं ते मुख्यतः तर्कशास्त्राची दोन छोटी पुस्तकं, आणि त्यांच्यासोबत पॉर्फिरीची एक प्रस्तावना आणि बोएथियसच्या टीका. ॲरिस्टॉटलचं भौतिकशास्त्र नाही, नीतिशास्त्र नाही, राज्यशास्त्र नाही. घरात बाकी सामान काही नाही, फक्त हत्यारांची पेटी आहे, असं झालं. मग माणसं त्या हत्यारांनाच धार लावत बसली.

घोडा-तलवार सोडणारा मुलगा

त्यातला सगळ्यात धारदार माणूस म्हणजे पीटर ॲबेलार्ड. जन्म १०७९, फ्रान्समधल्या ब्रिटनीजवळच्या एका गावी. बाप सरदार, हा थोरला मुलगा. म्हणजे जमीन, घोडा, तलवार सगळं याचंच. याने वारसा भावंडांना सोडून दिला आणि तर्कशास्त्र शिकायला निघाला. आत्मचरित्रात तो स्वतःच्या वादविवादांबद्दल लढायांच्याच भाषेत बोलतो.

पॅरिसमध्ये त्याचे गुरू होते विल्यम ऑफ शाँपो. त्यांचं म्हणणं असं, की सगळ्या माणसांमध्ये "माणूसपण" नावाची एकच वस्तू असते, तीच्या तीच, प्रत्येकात पूर्णच्या पूर्ण. पोरसवदा ॲबेलार्डने वर्गात विचारलं: मग "प्राणीपण"सुद्धा असंच असणार. माणसात आणि गाढवात तीच एक वस्तू. माणसातली ती विचार करणारी, गाढवातली विचार न करणारी. म्हणजे एकच वस्तू एकाच वेळी विचार करणारीही आणि न करणारीही? गुरूंना आपलं मत बदलावं लागलं. त्यानंतर गुरू-शिष्याचं जे बिनसलं ते कायमचं. आणि पोरं ॲबेलार्डच्या वर्गाकडे वळली.

त्याची आणि एलोईझची प्रेमकहाणी तुम्ही कदाचित ऐकली असेल. तिच्या काकाने माणसं पाठवून ॲबेलार्डचं अंगच्छेदन केलं, दोघं वेगवेगळ्या मठांत गेली. त्या दोघांवर एक वेगळा भाग करू. आज त्याच्या पुस्तकांकडे बघू.

त्याच्या एका पुस्तकाचं नाव आहे "सिक एत नॉन", म्हणजे "हो आणि नाही". त्यात १५८ प्रश्न आहेत. प्रत्येक प्रश्नाखाली चर्चच्याच मान्यवर आचार्यांची वचनं, एकमेकांच्या थेट विरोधात जाणारी. एक म्हणतो हो, दुसरा म्हणतो नाही. दोघेही संत. ॲबेलार्ड निकाल देतच नाही. प्रस्तावनेत तो फक्त पद्धत सांगतो: शब्द कुठल्या अर्थाने वापरलाय ते बघा, लिहिणाऱ्याचं स्वतःचं मत आहे की तो दुसऱ्याचं सांगतोय ते बघा, नकलण्यात चूक झाली आहे का ते बघा. शंका घेणं ही शोधाची सुरुवात आहे, असं त्याचं म्हणणं.

आता याची किंमत. ११२१ साली स्वासों इथल्या धर्मसभेत त्याला स्वतःचं पुस्तक स्वतःच्या हाताने आगीत टाकायला लावलं. ते पुस्तक त्रैक्यावर होतं, म्हणजे पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा मिळून देव एकच, या ख्रिस्ती सिद्धांतावर. हा विषय लक्षात ठेवा, पुढे परत येणार आहे. नंतर सांसच्या सभेत तो जाहीर वाद घालायच्या तयारीने गेला. पण विरोधक बर्नार्ड ऑफ क्लेअरव्हो यांनी आदल्या रात्रीच बिशप मंडळींची बैठक घेऊन निकाल पक्का करून ठेवला होता. ॲबेलार्डने तिथे उत्तर द्यायलाच नकार दिला आणि पोपकडे अपील केलं. पोपनेही त्याच्या विरोधात निकाल दिला. ११४२ मध्ये तो वारला.

तरी एक झालं. "आधी दोन्ही बाजू मांडा" ही सवय मागे राहिली.

फर्स्ट इअरचा सिलॅबस

पुढच्या शंभर वर्षांत दोन गोष्टी घडल्या. एक, ॲरिस्टॉटलची उरलेली पुस्तकं अरबी आणि ग्रीकमधून लॅटिनमध्ये आली, आणि त्यांच्यासोबत इब्न सिना, इब्न रुश्द यांचं लिखाणही. दोन, पॅरिस, ऑक्सफर्डसारखी विद्यापीठं उभी राहिली. तिथे शिकवलं जाणारं जे तत्त्वज्ञान, त्यालाच स्कोलॅस्टिक म्हणतात. "स्कोला" म्हणजे शाळा. शाळेतलं तत्त्वज्ञान, इतका साधा अर्थ.

या शाळेत तर्कशास्त्र कुठे बसायचं? दारातच. चौदा-पंधरा वर्षांची मुलं यायची आणि आधी कला शाखेत जायची. तिथे व्याकरण, तर्कशास्त्र, वक्तृत्व हे तीन पायाभूत विषय. ते झाल्याशिवाय ना वैद्यक, ना कायदा, ना थिऑलॉजी, म्हणजे देवाविषयीचं शास्त्र. डॉक्टर व्हायचंय? आधी तर्क. पाद्री होऊन मोठी पदवी घ्यायचीय? आधी तर्क. १२१५ च्या पॅरिसच्या नियमांत तर मजाच आहे. ॲरिस्टॉटलचं निसर्गविषयक लिखाण शिकवायला बंदी, पण त्याचं तर्कशास्त्र शिकवणं सक्तीचं!

पोरांना हे पाठ कसं करायचे? १३व्या शतकात पीटर ऑफ स्पेनचं एक पाठ्यपुस्तक आलं, जे पुढे काहीशे वर्षं चाललं. त्यात अनुमानांच्या वैध प्रकारांना नावं आहेत: बार्बारा, सेलारेंट, कामेस्ट्रेस वगैरे. आमच्या क्षेत्रातल्या लोकांनी हे नीट ऐका, कारण हे चक्क कॉम्प्रेशन आहे.

नावातले स्वर सांगतात विधानं कुठल्या प्रकारची. "आ" म्हणजे "सगळे असे आहेत". "ए" म्हणजे "एकही असा नाही". बार्बारामध्ये तीन "आ", म्हणून तिन्ही विधानं "सगळे" प्रकारची. कामेस्ट्रेसमध्ये आ-ए-ए. उदाहरण घेऊ. प्रत्येक माशाला कल्ले असतात. एकाही डॉल्फिनला कल्ले नसतात. म्हणून एकही डॉल्फिन मासा नाही.

व्यंजनं सांगतात सिद्ध कसं करायचं. सुरुवातीचा "क" लॅटिनमध्ये सी अक्षराने लिहितात. तो सांगतो, याला सेलारेंटमध्ये बदला, कारण तेही सी वरूनच. "म" सांगतो, दोन विधानांची अदलाबदल करा. "स" सांगतो, त्याच्या आधीचं विधान उलटं फिरवा: "एकही डॉल्फिन कल्लेवाला नाही" याचं "एकही कल्लेवाला डॉल्फिन नाही" करा. एका शब्दात डेटा पण आहे आणि तो प्रोसेस करायच्या सूचना पण. कागद महाग असलेल्या काळात चौदा वर्षांच्या पोराच्या डोक्यात हे कायमचं बसायचं.

वाघ म्हणजे नक्की कोण?

पण खरी भर त्यांनी घातली ती वेगळ्याच ठिकाणी. ॲरिस्टॉटलकडे नसलेला एक प्रश्न त्यांनी विचारला: वाक्यातला शब्द इथे कोणाच्या वतीने उभा आहे?

तीन वाक्यं घ्या. वाघ डरकाळी फोडतोय. वाघ ही एक प्रजाती आहे. वाघ हा दोन अक्षरी शब्द आहे. शब्द एकच, पण पहिल्यात तो जंगलातल्या खऱ्याखुऱ्या वाघासाठी उभा आहे, दुसऱ्यात एका सामान्य कल्पनेसाठी, तिसऱ्यात स्वतःसाठीच. डरकाळी फोडणाऱ्या वाघाला दोन अक्षरं नसतात. आणि प्रजाती कधी डरकाळी फोडत नाही.

कोड लिहिणाऱ्यांना लगेच कळलं असेल: ऑब्जेक्ट, क्लास आणि स्ट्रिंग. तिघांची सरमिसळ केलीत तर प्रोग्रॅम बोंबलणार. मध्ययुगातले लोक त्याला "सुपोझिशिओ" म्हणायचे आणि त्याच्या प्रकारांवर पुस्तकंच्या पुस्तकं लिहायचे. त्यांचं आवडतं उदाहरण: सॉक्रेटिस माणूस आहे. माणूस ही एक जात आहे. म्हणून सॉक्रेटिस ही एक जात आहे. चूक आहे हे सगळ्यांना दिसतं. पण नक्की कुठे चूक आहे, हे बोट ठेवून दाखवता येणं म्हणजे तर्कशास्त्र.

हा नुसता शब्दच्छल वाटत असेल तर रोजचं बघा. "मराठी माणूस धंद्यात मागे आहे." यातला "मराठी माणूस" कोण? सगळे? बरेचसे? की बोलणाऱ्याच्या डोक्यातलं एक चित्र? फॅमिली ग्रुपवरची निम्मी भांडणं या एका प्रश्नावर मिटतील.

ऑकमने तर यावरूनच मोठा निष्कर्ष काढला. बाहेरच्या जगात एकेकटे वाघ आहेत, बस. "वाघपण" नावाची वेगळी वस्तू जगात कुठेही नाही. ती आपल्या मनातली एक खूण आहे, जी अनेक वाघांच्या वतीने उभी राहते. ॲबेलार्डने गुरूंना विचारलेला गाढवाचा प्रश्न दोनशे वर्षांनी इथवर पोहोचला होता.

विरोधकाची बाजू आधी

या सगळ्याचा सराव व्हायचा तो जाहीर वादसभेत. पद्धत ठरलेली. एक प्रश्न. मग उत्तराच्या विरोधातले मुद्दे, जमतील तितके भक्कम करून. मग स्वतःचं उत्तर. आणि शेवटी प्रत्येक विरोधी मुद्द्याला वेगळं उत्तर. एकही सोडायचा नाही.

थॉमस अक्वायनसचा प्रचंड ग्रंथ, "सुम्मा थिओलोगिए", आख्खा याच साच्यात आहे. अडीच हजारांहून जास्त प्रकरणं, प्रत्येक असंच. देव आहे का, हा प्रश्न तिथे कसा सुरू होतो माहितीये? "देव नाही असं दिसतं" इथून. आणि पुढे दोन मुद्दे. एक, देव जर अमर्याद चांगला असेल तर जगात वाईट असायलाच नको होतं, पण ते आहे. दोन, जगातल्या घडामोडी निसर्गाने आणि माणसाच्या बुद्धी-इच्छेने समजावता येतात, मग देवाची गरज काय? आजही नास्तिक माणसं हेच दोन मुद्दे मांडतात. एका संताने ते १३व्या शतकात, स्वतःच्या ग्रंथात, स्वतःच्या उत्तराच्या आधी छापले नसले तरी लिहून ठेवलेत.

नाताळ आणि ईस्टरच्या आधीच्या काळात तर खास सभा व्हायच्या. प्राध्यापक समोर बसणार आणि कोणीही, काहीही विचारू शकणार. आपल्या भाषेत "आस्क मी एनीथिंग". फरक एवढाच की तिथे अवघड कमेंटला ब्लॉक करायची सोय नव्हती.

आता तो बिशप

शीर्षकातल्या बिशपकडे येऊ. विद्यार्थ्यांसाठी एक खेळ होता, नाव "ऑब्लिगासिओनेस", म्हणजे बांधिलक्या. वॉल्टर बर्ली नावाच्या ऑक्सफर्डच्या पंडिताने १३०२ मध्ये त्याचे नियम लिहिले.

खेळाडू दोन. पहिला एक वाक्य देतो, बहुतेकदा खोटं. दुसरा ते मान्य करतो आणि खेळ संपेपर्यंत त्याला बांधला जातो. मग पहिला एकेक वाक्य टाकत जातो. मान्य केलेल्या गोष्टींवरून जे निघतं ते दुसऱ्याने कबूल करायचं. त्यांच्या विरुद्ध जातं ते नाकारायचं. आणि ज्याचा त्यांच्याशी संबंधच नाही, तिथे खरं असेल ते उत्तर द्यायचं. पहिल्याचं ध्येय एकच, दुसऱ्याला स्वतःच्याच बोलण्याच्या विरुद्ध बोलायला लावायचं.

समजा आपण पॅरिसमध्ये बसलोय. मी म्हणते: तू रोममध्ये आहेस. तू मान्य करतोस. आता मी म्हणते: एकतर तू रोममध्ये नाहीस, किंवा तू बिशप आहेस. थांबा, हे नीट बघा. आधीच्या वाक्यावरून हे निघत नाही, आणि त्याच्या विरुद्धही जात नाही. म्हणजे संबंध नाही. मग खरं काय ते बघायचं. खरं तर तू पॅरिसमध्येच आहेस, "रोममध्ये नाहीस" हा भाग खरा, म्हणून आख्खं वाक्य खरं. कबूल करावंच लागतं. मग मी म्हणते: तू बिशप आहेस. आता काय करशील? रोममध्ये आहेस हे मान्य केलंस. "रोममध्ये नाहीस किंवा बिशप आहेस" हेही मान्य केलंस. सुटका नाही. अभिनंदन, बिशप महाराज!

कोणी खोटं बोललं नाही, कोणी नियम मोडला नाही. एक खोटी गोष्ट "चला, वादापुरतं धरू" म्हणून आत घेतली, आणि खरं-खरं बोलत बोलत दुसरी खोटी गोष्ट पदरात पडली. पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला काटा आला. टीव्हीवरच्या चर्चेत, यूट्यूबच्या व्हिडिओंत अगदी असंच होतं. तिसऱ्या वाक्यावर आपण अडखळतो, पण घोळ पहिल्या वाक्यात झालेला असतो.

नंतर १३३०च्या दशकात रॉजर स्वाइन्सहेडने ही पळवाट बंद करायला नियम बदलले. संबंध आहे की नाही ते फक्त पहिल्या वाक्याशी तपासायचं, मधल्या कबुल्यांशी नाही. बिशपचा डाव फसला, पण नवी अडचण आली. आता "अ" कबूल, "ब" कबूल, पण "अ आणि ब" नाकार, असंही करता येऊ लागलं. एक बग फिक्स केला की दुसरा उघडतो, हे तेव्हाही होतंच.

जिथे हत्यार अडतं

आता तो बाजूला ठेवलेला विषय. त्रैक्य. ख्रिस्ती सिद्धांत सांगतो: देव एकच. पिता देव आहे, पुत्र देव आहे. पण पिता म्हणजे पुत्र नव्हे.

आणि तर्कशास्त्राच्या पहिल्या वर्षाचं पोरगंसुद्धा हे करू शकतं: हा देव पिता आहे. हाच देव पुत्र आहे. म्हणून पिता हाच पुत्र. साचा निर्दोष दिसतो. ही बाई माझी शेजारीण आहे, हीच बाई माझी शिक्षिका आहे, म्हणून शेजारीण हीच शिक्षिका. इथे चालतं, मग तिथे का नाही?

हे विचारणारे बाहेरचे नव्हते. सगळे धर्मगुरू, साधू, मनापासून श्रद्धावान. त्यांनी हा मुद्दा दाबून टाकला असता तर कोणाला कळलंही नसतं. पण वादसभेचा नियम होता, सगळ्यात अडचणीचा मुद्दा आधी मांडायचा. म्हणून त्यांनी तो लिहिला आणि त्याच्याशी झुंजत बसले. कोणी शब्दांच्या अर्थांत बारीक फरक करून साचा वाचवायला बघितला. ऑकमने मान्य केलं की नेहमीचा साचा इथे लावता येत नाही, हा अपवाद आहे. १४व्या शतकातला डॉमिनिकन पंडित रॉबर्ट होलकॉट तर म्हणाला, ॲरिस्टॉटलचं तर्कशास्त्र सगळीकडे लागूच होत नाही, श्रद्धेचं तर्कशास्त्र वेगळं आहे.

तुम्ही श्रद्धाळू असा किंवा नसा, या क्षणाचं मोल बघा. ज्या हत्याराने आयुष्यभर काम केलं, ते आपल्या सगळ्यात प्रिय गोष्टीवर चालत नाही, हे माणसाने उघड लिहून ठेवलं. हत्याराची हद्द कुठे संपते ते सांगितलं.

पण म्हणून त्या काळाला डोक्यावर घेऊन नाचायलाही नको. ७ मार्च १२७७ ला पॅरिसच्या बिशपने २१९ मतांवर बंदी घातली. त्याच महिन्यात ऑक्सफर्डमध्ये आर्चबिशप किलवर्डबी यांनी ३० मतं शिकवायला मनाई केली, त्यात दहा तर्कशास्त्रातली होती. आणि हे किलवर्डबी स्वतः तर्कशास्त्राचे नावाजलेले टीकाकार! ऑकमला १३२४ मध्ये चौकशीसाठी पोपच्या ॲव्हिन्यॉनला बोलावलं. चार वर्षांनी, पोपशी फ्रान्सिस्कनांच्या दारिद्र्यव्रतावरून वाद पेटल्यावर, तो रातोरात पळाला आणि उरलेलं आयुष्य बहिष्कृत म्हणून म्युनिकमध्ये काढलं.

आणि सगळ्यात कडू गोष्ट. १२४० साली याच पॅरिसमध्ये यहुद्यांच्या तलमूद ग्रंथावर "वाद" भरवला गेला. रब्बींना उत्तरं द्यायला उभं केलं. पण तो वाद नव्हताच, खटला होता. पुढे गाड्या भरभरून तलमूदच्या हस्तलिखित प्रती जाळल्या. विरोधकाची बाजू आधी आणि भक्कम मांडायची, हा सुंदर नियम फक्त आपल्या वर्गातल्या विरोधकासाठी होता. वर्गाबाहेरच्या माणसासाठी, आणि कुठल्याही बाईसाठी, त्या सभेत जागा नव्हती. मी त्या काळात जन्मले असते तर बिशपचा डाव खेळायला मला कोणी बसू दिलं नसतं.

मूर्ख ठरलेली हुशार माणसं

१५व्या-१६व्या शतकात हवा बदलली. नवे मानवतावादी विद्वान म्हणाले, ही कसली रटाळ लॅटिन, कसला हा किस! साहित्य वाचा, इतिहास वाचा. टिंगल इतकी झाली की जॉन डन्स स्कॉटस या अत्यंत बुद्धिमान पंडिताच्या नावावरून इंग्रजीत "डन्स" शब्द आला, अर्थ: ढ. टीका सगळीच चुकीची नव्हती. अनेक ठिकाणी सराव हाच उद्देश होऊन बसला होता.

तरी धागा तुटला नाही. जेझुइट संघाच्या १५९९च्या अभ्यासक्रमात तत्त्वज्ञानाच्या पहिल्याच वर्षी तर्कशास्त्र होतं. त्या संघाचं एक कॉलेज गोव्यात होतं, सेंट पॉल. मराठीत "क्रिस्तपुराण" लिहिणारे फादर थॉमस स्टीफन्स याच संघाचे. म्हणजे बार्बारा आणि सेलारेंट या बाई मांडवीच्या काठापर्यंत आल्या होत्या.

आणि विसाव्या शतकात धागा आमच्याकडे आला. मध्ययुगीन तर्कज्ञ मानत की "सॉक्रेटिस बसलाय" हे एकच वाक्य आत्ता खरं आणि तो उठला की खोटं असू शकतं. वाक्याचं खरेपण काळाबरोबर बदलतं. न्यूझीलंडचा तत्त्वज्ञ आर्थर प्रायर याने १९५०च्या दशकात काळाचं तर्कशास्त्र उभं केलं, त्यामागे या जुन्या लोकांचं वाचन होतं. १९७७ मध्ये अमिर नुएली या संगणकशास्त्रज्ञाने ते प्रोग्रॅम तपासायला वापरलं. "ही विनंती आली तर कधी ना कधी उत्तर मिळेलच" अशी हमी सिद्ध करायला. त्या कामासाठी त्यांना १९९६ चा ट्युरिंग पुरस्कार मिळाला.

आता सुरुवातीचा प्रश्न. प्रश्नच विचारायचे नाहीत अशा काळाला "आणि-किंवा"चे नियम कशाला लागले? कारण ते लोक सतत वाद घालत होते, आणि ज्याच्याशी वाद आहे तो उद्या परत त्याच बाकावर शेजारी बसणार होता. कोण हरलं हे ओरडून ठरणार नसेल तर नियमांनीच ठरवावं लागतं.

माझा तो कोड मी सोमवारी दुरुस्त केला. "आणि" काढलं, "किंवा" घातलं. एका शब्दाचा बदल. तेव्हापासून एक सवय लागली आहे. कोणाच्या कोडवर कमेंट करायच्या आधी, त्याने असं का लिहिलं असेल याचं शक्य तितकं चांगलं कारण मी आधी लिहून काढते. दर चार वेळांमधून एकदा तरी मला कळतं की बरोबर तोच होता.

या आठवड्यात एक करून बघा. ज्या मुद्द्यावर तुमचं घरी हमखास भांडण होतं, त्यावर समोरच्याची बाजू तीन वाक्यांत लिहा आणि त्यालाच वाचायला द्या. तो "हो, हेच म्हणायचं होतं मला" म्हणाला तरच पुढे बोला. काय झालं ते कमेंटमध्ये सांगा, आणि भांडण वाढलं तर तेही सांगा.

पुढच्या भागात भेटू. तोवर, कोणी तुम्हाला "वादापुरतं धरू" म्हणालं, की खिशातला पॅरिसचा पत्ता एकदा तपासून घ्या!